तिकीट : एक मोडकी वस्तू

बाबालाल शिकलगार स्टुडिओत आभाळ रंगवायचा.
राजवाडे, घाट, तुळशीवृंदावनं दुसऱ्यांकडं.
त्याच्याकडं फक्त वरचं.
स्टुडिओला कुलूप पडलं तेव्हा थकल्या पगारात
त्यानं एक आभाळ मागून घेतलं,
अठरा फूट बाय दहा, डावा कोपरा उंदरानं कुरतडलेला,
आणि सायकलच्या कॅरियरला बांधून
मंगळवार पेठेत आणलं.

शनिवारी दिवेलागणीला
तालमीमागच्या बोळात ते दोन खांबांना ताणलं जायचं.
तिकीट ठरलेलं. एक मोडकी वस्तू.
कुणी पाच पैसे पुढं केले तर म्हणायचा,
"ह्ये अजून चालतंय. घरी न्हे."

मग आम्ही न्यायचो
चपलेचा तुटका अंगठा, छत्रीच्या काड्या,
बिनकानाचा कप,
सायकलची घंटी, जी 'ट' म्हणायची आणि 'ण' विसरायची.
सगळं गुळाच्या डब्यात पडायचं
आणि पुढच्या शनिवारी
आभाळाखालून चालत यायचं.

अंगठ्याचा झाला वस्ताद. शड्डू ठोकायचा,
आणि कपाला घाबरायचा.
काड्यांचा बगळा रंकाळ्यात उभा,
"मासा ऱ्हाऊ दे," म्हणायचा,
"माझा दुसरा पाय कुठं ठेवलाय तेवढं सांगा."
घंटी 'ट' म्हणाली की
बोळभर पोरं एका दमात 'ण' म्हणायची.
आम्हाला कुणी शिकवलं नव्हतं.

असं याआधी कुणी केलं होतं का, मला माहीत नाही.
त्यालाही नसावं.
पेठेतली माणसं म्हणायची, स्टुडिओ गेला, त्याबरोबर डोकं गेलं.
त्याची जैतून काहीच म्हणायची नाही.
डब्यातल्या वस्तू राखेनं घासून ठेवायची.

एका शनिवारी आमच्या घरात मोडकं काही उरलं नव्हतं.
मी अक्काची शिंगाची फणी घेतली,
उंबऱ्यावर ठेवली
आणि टाच दिली.

बाबालालनं ती कंदिलाशी धरली,
तुटल्या कडेवरून बोट फिरवलं.
"ही मोडली न्हाई," म्हणाला. "तू मोडलीयास."
मागं रांग थांबलेली. माझे कान तापले.
"फुडं न्हाई बसायचं. मागं ये."

मागं आभाळ निळं नव्हतंच.
मांजरपाट, खळीचे डाग,
आणि कोपऱ्यात पेन्सिलीनं हिशोब :
रॉकेल, जोंधळा, रॉकेल.
बाबालाल गुडघ्यांवर, बनियन पाठीला चिकटलेलं,
दातात दोरा, दोन्ही हात आभाळाखालून पलीकडं,
एका घशात वस्ताद, बगळा आणि भांडकुदळ कप.
माझ्या हातात त्यानं पितळी ताटली दिली.
"चंद्र हाय. हलला तर फोडून काढीन."

चाळीस मिनिटं मी कंदिलाचा उजेड ताटलीत धरून
कापडावर टेकवून होतो. दंड भरून आले.
पलीकडं पोरं हसली की
आभाळ फुगून माझ्या तोंडाला लागायचं.
त्यानंतर मी कधी पुढं बसलो नाही.

पुढच्या शनिवारी फणीचं उसाचं शेत झालं.
पडक्या दातांच्या फटीतून कोल्हा आत शिरला.
पहिल्या रांगेतून अक्का ओरडली, "माझी फणी!"
कोल्हा थांबला. म्हणाला,
"मग बाई, बांधावर बसून राखण करा की."

बाबालालला जाऊन आता किती वर्षं.
आभाळ माझ्या ट्रंकेत.
पुराचं पाणी शाहूपुरीत ट्रंकेवरून गेलं,
उतरल्यावर मी ते गच्चीत वाळत घातलं.
निळं बरंचसं वाहून गेलेलं,
उरलं ते बोटांना लागत होतं.

वरच्या मजल्यावरचं पोरगं आलं. "आजोबा, हे काय आहे?"
मी विचारलं, "तुझ्याकडं मोडकं काय आहे?"
तो पळत गेला. एक चाक नसलेली रिमोटची गाडी घेऊन आला,
आणि मी काही विचारायच्या आत सांगून टाकलं,
"मी नाही मोडली. पाण्यानं."

अक्का खुर्चीत ऊन खात बसलेली, ब्याऐंशीची.
"घे त्याला आत," म्हणाली.
"पर आधी माझी फणी दे."